वसंत देसाई : संहिता, स्वर आणि परंपरेचे कर्तृत्व

१

शाहिरी काव्य शिकविताना वर्गात एक अनुभव वारंवार येतो. होनाजीच्या भूपाळीचा उल्लेख निघताच मागच्या बाकावरून कोणीतरी ती गुणगुणू लागते. पाठ्यपुस्तकातील शब्द नजरेसमोर येण्यापूर्वीच चाल कानात उभी राहते आणि ही चाल होनाजीइतकीच जुनी असणार, पेशवाईच्या उत्तरकाळापासून पिढ्यान्‌पिढ्या ती चालत आली असणार, असे विद्यार्थी निःशंकपणे गृहीत धरतात. अनेक अध्यापकांचीही समजूत याहून फारशी वेगळी नसते. वस्तुतः आज घरोघर ज्ञात असलेली ही चाल १९५१ सालची आहे. ‘राजकमल’च्या ‘अमर भूपाळी’ या चित्रपटासाठी ती वसंत देसाई या एकोणचाळीस वर्षांच्या संगीतकाराने बांधली.

या छोट्याशा गैरसमजात मराठी काव्येतिहासापुढील एक मूलभूत प्रश्न दडलेला आहे. ओवी, अभंग, लावणी, पोवाडा, भूपाळी हे आपले प्रमुख काव्यप्रकार गाण्यासाठीच जन्मले. वाङ्मयेतिहासाने मात्र त्यांची लिखित संहिता जतन केली आणि त्यांचे नादरूप मौखिक परंपरेच्या स्वाधीन केले. विसाव्या शतकात ही मौखिक परंपरा क्षीण होत गेली, तेव्हा या संहितांना पुन्हा आवाज कोणी दिला, हा प्रश्न आपण क्वचितच विचारतो. प्रस्तुत लेखात वसंत देसाई यांचे चरित्र व कार्य या प्रश्नाच्या अनुषंगाने पाहण्याचा प्रयत्न केला आहे. चित्रपटसंगीतकार म्हणून त्यांची योग्यता रसिकांना सुपरिचित आहे. मराठी काव्यपरंपरेचा एक भाष्यकार म्हणून त्यांचा विचार व्हावा, ही या लेखामागील भूमिका आहे.

२

वसंत कृष्ण देसाई यांचा जन्म ९ जून १९१२ रोजी तत्कालीन सावंतवाडी संस्थानातील सोनवडे या गावी झाला. त्यांचे बालपण कुडाळच्या परिसरात गेले. त्यांचे मातामह कीर्तनकार होते. दक्षिण कोकणातील हा परिसर भजन, कीर्तन आणि दशावतार यांनी भारलेला. दशावतारात संवादांची लिखित संहिता नसते. नट ते रंगभूमीवर उत्स्फूर्तपणे रचतात आणि पखवाज-झांजांच्या साथीने होणारे गायन कथेचा धागा सावरून धरते. कीर्तनातही पद हे निरूपणाच्या ओघात, नेमक्या क्षणी येते. गाणे ही प्रसंगापासून सुटी काढता येणारी वस्तू नसते, तर कथनाचेच ते एक अंग असते, हा संस्कार अशा वातावरणात वाढणाऱ्या मुलावर नकळत होणे स्वाभाविक होते. देसाई यांच्या उत्तरायुष्यातील संगीतरचनेचे मूळ या संस्कारात शोधता येते.

१९२९ साली कोल्हापुरात ‘प्रभात फिल्म कंपनी’ स्थापन झाली आणि देसाई लवकरच तिच्या परिवारात दाखल झाले. मूकपटांचा तो अखेरचा काळ होता. ‘खुनी खंजर’ (१९३०) या मूकपटात त्यांनी छोटी भूमिका केली. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट आला. त्यात गाण्याची संधी त्यांना मिळाली. त्या काळी चित्रसंस्थेत नव्याने आलेल्या तरुणाला पडेल ते काम करावे लागे. अभिनय, गायन, वादकांची जुळवाजुळव, तालमी अशी सर्व उमेदवारी देसाई यांनी प्रभातमध्येच केली.

या उमेदवारीत त्यांना लाभलेले गुरुजन महत्त्वाचे आहेत. ‘अयोध्येचा राजा’चे संगीत गोविंदराव टेंबे यांचे होते. त्यानंतर केशवराव भोळे आणि मास्तर कृष्णराव यांनी प्रभातच्या संगीताची धुरा वाहिली. टेंबे हे नाट्यसंगीताच्या वैभवकाळाचे प्रतिनिधी. भोळे हे संगीतकार तसेच संगीतसमीक्षक होते. शब्दार्थाला बाधा न आणणाऱ्या, भावाभिमुख स्वररचनेचा आग्रह त्यांच्या कार्यात दिसतो. भास्करबुवा बखले यांचे शिष्य असलेल्या कृष्णरावांकडे रागाला खेळकर, प्रासादिक रूप देण्याचे असामान्य सामर्थ्य होते. रंगभूमीचा भारदस्तपणा, शब्दनिष्ठा आणि प्रासादिकता या तीन प्रवृत्ती एकाच संस्थेत, एकापाठोपाठ एक देसाई यांना जवळून पाहता आल्या.

या काळातील एका प्रसंगाचा येथे विशेष उल्लेख करावयास हवा. केशवराव भोळे यांचे संगीत असलेल्या ‘संत तुकाराम’ (१९३६) या चित्रपटासाठी शांताराम आठवले यांनी बीज आणि अंकुर यांच्या प्रतिमांवर आधारलेला एक अभंग रचला. तो इतका अस्सल वठला की, तो तुकोबांचाच आहे असे जाणकारांनाही वाटले आणि गाथेत त्याचा शोध घेतला गेला. जुन्या काळाचा प्रत्यय हा जुन्या सामग्रीतूनच यावा लागतो असे नाही. त्या काळाच्या वाणीची लय आत्मसात केलेला नवा कलावंतही तो निर्माण करू शकतो, हे यावरून सिद्ध झाले. देसाई यांच्या पुढील कार्याची ही जणू पूर्वपीठिकाच होती.

३

१९४२ साली व्ही. शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि त्यांनी मुंबईत ‘राजकमल कलामंदिर’ची स्थापना केली. देसाई त्यांच्यासमवेत होते. ‘राजकमल’चा पहिला चित्रपट ‘शकुंतला’ १९४३ साली प्रदर्शित झाला. मुंबईच्या स्वस्तिक चित्रपटगृहात तो १०४ आठवडे चालला आणि देसाई यांचे नाव देशभर पोहोचले.

मराठी अभ्यासकाच्या दृष्टीने या चित्रपटाचे एक वेगळे महत्त्व आहे. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणले आणि मराठी संगीत नाटकाचे युग अवतरले. कालिदासाच्या कथेला गाण्याची साथ म्हणजे नाट्यपदांची साथ, हे समीकरण त्यानंतरच्या सहा दशकांत मराठी मनात पक्के झाले होते. टेंबे आणि कृष्णराव यांच्या हाताखाली तयार झालेल्या देसाई यांना तीच पदपरंपरा चित्रपटात आणणे सोपे होते. त्यांनी तसे केले नाही. चित्रपटातील गीत हे नाट्यपदापेक्षा आटोपशीर असते. ताना-आलापांच्या विस्ताराला तेथे अवकाश नसतो. कॅमेरा चेहऱ्याजवळ जाऊ शकत असल्यामुळे आवाजही हळुवार होऊ शकतो. हे माध्यमभान ‘शकुंतला’च्या गीतांत दिसते. रागाची ओळख पुसली जात नाही, तरी रागदर्शन हा त्या गीतांचा हेतू राहत नाही. पुढे आयुष्यभर देसाई यांनी हे तारतम्य सांभाळले.

४

देसाई यांच्या कारकिर्दीचा आपल्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा टप्पा म्हणजे ‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७) आणि ‘अमर भूपाळी’ (१९५१) हे दोन चित्रपट होत. दोन्हींचे नायक शाहीर आहेत. दोन्हींत काव्य हाच कथेचा विषय आहे. त्यामुळे चाल ही येथे केवळ सजावट उरत नाही. नायकाच्या प्रतिभेची साक्ष तिला द्यावी लागते. चाल फसली तर शाहिराचे मोठेपण प्रेक्षकाला पटणार नाही, इतके हे दायित्व स्पष्ट होते.

येथे संगीतकारापुढील अडचण ध्यानात घेतली पाहिजे. शाहिरांच्या रचना एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून संग्राहकांनी परिश्रमपूर्वक जमविल्या आणि मुद्रित केल्या. या कामात शं. तु. शाळिग्रामांसारख्यांचे ऋण मोठे आहे. पण बाडांतून शब्द मिळाले, स्वरलेखन मिळाले नाही. लावणीच्या माथ्यावर एखाद्या चालीचा निर्देश असला, तरी ती मूळ चाल ज्याच्या कानात आहे त्यालाच तो उपयोगाचा. तमाशाच्या फडांत आणि गोंधळी-भजनी परंपरेत काही चाली टिकून होत्या, मात्र दीडशे वर्षांच्या प्रवासात त्यांची किती रूपांतरे झाली असतील, हे सांगणे अशक्य. म्हणजे संगीतकाराला जवळजवळ रिकाम्या जागेवर उभे राहून, जुनी वाटेल आणि तरीही नव्या श्रोत्याला भिडेल अशी चाल निर्माण करावयाची होती.

‘लोकशाहीर रामजोशी’चे दिग्दर्शन बाबूराव पेंटर व व्ही. शांताराम यांचे. जयराम शिलेदार यांनी रामजोशींची आणि हंसा वाडकर यांनी बयाची भूमिका केली. गीतलेखन ग. दि. माडगूळकरांचे होते; त्यासोबत रामजोशींच्या मूळ रचनाही चित्रपटात होत्या. अठराव्या शतकातील व्युत्पन्न शाहीर आणि विसाव्या शतकातील गीतकार यांचे शब्द एकाच पटात शेजारी शेजारी नांदणार होते आणि प्रेक्षकाला त्यांतील सांधा जाणवू द्यावयाचा नव्हता. माडगूळकरांनी हे काम भाषेच्या अंगाने केले, तर देसाई यांनी स्वराच्या अंगाने.

रामजोशींची लावणी ही गावयास कठीण आहे. संस्कृतप्रचुर पदावली, अनुप्रास-यमकांची दाटी, दीर्घ समासांची लगड आणि शब्दचमत्कृती यांमुळे ती वाचताना जीभ अडखळते. अशा संहितेला आलंकारिक, वळणावळणाची चाल दिली, तर दोन अलंकारांची टक्कर होऊन शब्द बुडून जातील. देसाई यांनी येथे स्वरांची वाट सरळ ठेवली आणि अक्षरांच्या वजनावर ताल उभा केला. सौंदर्यवर्णनपर सुप्रसिद्ध ‘सुंदरा’ लावणी ऐकताना हे तत्काळ प्रत्ययास येते. ढोलकीचा ठेका शब्दांना ढकलत नाही. शब्दांतील लघु-गुरूंचा क्रमच ठेक्याला पुढे नेतो. रामजोशी पुढे मोरोपंतांच्या आर्यांवर कीर्तने करू लागले, असे वाङ्मयेतिहास सांगतो. तमाशाचा फड आणि कीर्तनाचा मंडप यांना जोडणारा हा कवी कीर्तनकाराच्या नातवाच्या हाती पडावा, हा योग मोठा अर्थपूर्ण म्हटला पाहिजे. या चित्रपटाच्या यशाने मराठीत तमाशाप्रधान चित्रपटांची लाट आली, हे सर्वविदित आहे.

‘अमर भूपाळी’ची प्रकृती निराळी. या चित्रपटाच्या लेखनाशी विश्राम बेडेकर यांचे नाव निगडित आहे. होनाजीची भूमिका पंडितराव नगरकर यांनी केली आणि १९५२ च्या कान महोत्सवाच्या स्पर्धाविभागात हा चित्रपट दाखविला गेला. त्याच्या केंद्रस्थानी असलेली भूपाळी नगरकर आणि लता मंगेशकर यांच्या आवाजांत ध्वनिमुद्रित झाली आहे.

भूपाळी हा पहाटेचा काव्यप्रकार. भूप हा राग मात्र शास्त्रसंकेतानुसार रात्रीच्या पहिल्या प्रहराचा. त्याच पाच स्वरांचा सकाळचा राग म्हणजे देसकार. देसाई यांची चाल प्रामुख्याने या पंचस्वरी चौकटीत वावरते. मध्यम आणि निषाद वगळल्यामुळे या स्वरसमूहात एक मोकळीक, एक निर्मळपणा येतो; शिवाय लोकगीतांना तो जवळचा असल्यामुळे शास्त्राची तालीम नसलेला गळाही तो सहज पेलतो. चालीत अवघड जागा नाहीत. प्रत्येक चरण एका श्वासात बसतो आणि सूर्योदयाचे वर्णन जसजसे पुढे सरकते तसतशी चालही क्रमाने उजळत जाते. ही साधी चाल आहे, पण ती सहजासहजी सुचलेली असेल असे वाटत नाही. घरातील कोणीही, काम करता करता, न चुकता गाऊ शकेल अशी चाल बांधणे म्हणजे आपले कर्तेपण शक्य तितके पुसून टाकणे होय. देसाई यांनी ते इतक्या पूर्णतेने पुसले की, लोक त्यांना विसरले आणि चाल परंपरेच्या खात्यावर जमा झाली.

येथे एक वाङ्मयेतिहासीय तपशील आठवावासा वाटतो. आपण ज्याला होनाजी बाळा म्हणतो ते एका व्यक्तीचे नाव नाही. होनाजी हा गवळी समाजातील कवी आणि बाळा करंजकर हा त्याचा गायक साथीदार. होनाजीने रचावे आणि बाळाने गावे, अशी ही जोडी होती. परंपरेने कवीबरोबर गायकाचेही नाव राखले, किंबहुना दोघांचे मिळून एकच नाव केले. काव्य म्हणजे रचना अधिक गायन, ही जाणीव त्या नावातच साठविलेली आहे. आधुनिक काळात कविता पुस्तकात आली आणि आपण बाळाला तळटीपेत नेऊन बसविले. त्या दृष्टीने पाहता वसंत देसाई हे विसाव्या शतकातील बाळा करंजकर ठरतात आणि त्यांच्याही वाट्याला तेच विस्मरण आले.

चित्रपटाच्या शीर्षकातही एक नकळत साधलेला विरोधाभास आहे. भूपाळी अमर आहे, असे चित्रपट सांगतो. आजच्या श्रोत्याच्या कानात तिला जे अमरत्व लाभले, ते मात्र बऱ्याच अंशी या चित्रपटानेच दिलेले आहे.

५

शाहिरी काव्यानंतर देसाई यांच्यासमोर आली ती सर्वस्वी वेगळी साहित्यकृती. साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’वर आचार्य अत्रे यांनी १९५३ साली चित्रपट काढला. राष्ट्रपती सुवर्णपदकाचा तो पहिला मानकरी ठरला. येथे ना दरबार होता, ना फड. कोकणातील एका गरीब घराचे अंगण एवढाच या कथेचा परिसर. त्या अंगणाची भाषा देसाई यांना जन्मतः अवगत होती.

या चित्रपटासाठी अत्र्यांनी रचलेले द्रौपदी आणि कृष्ण यांच्या बंधुप्रेमाचे गीत आशा भोसले यांनी गायिले. त्याची चाल स्त्रियांच्या कथागीतांच्या वळणाची आहे. कथा सांगणारी स्त्री आवाज चढवीत नाही, प्रसंग करुण झाला म्हणून थांबत नाही. जात्याची किंवा पाळण्याची लय तिला पुढे नेत असते. ही संयत कथनलय देसाई यांनी राखली आणि त्यामुळेच ते गीत आर्त होते. या चित्रपटाशी निगडित असलेली दुसरी रचना म्हणजे कवी यशवंत यांची ‘आई’ ही कविता. तीही आशा भोसले यांच्याच आवाजात आहे. ही कविता तत्पूर्वीच वाचकप्रिय झालेली होती. छापील पानावरील आणि पाठांतरातील कवितेला चाल देताना संगीतकार दोन चुका करू शकतो : कवितेचे गाणे करण्याच्या भरात तिची मूळ वाचनलय मोडणे, किंवा त्या लयीच्या दडपणाखाली चाल निर्जीव ठेवणे. देसाई यांनी कवितेतील विराम हेच चालीतील विराम मानले आणि दोन्ही धोके टाळले.

रामजोशी, होनाजी, अत्रे आणि यशवंत या चौघांसाठी देसाई यांनी योजिलेल्या चाली एकापुढे एक ठेवल्या, तर त्या एकाच संगीतकाराच्या आहेत हे चटकन ओळखता येत नाही. संगीतकाराची शैली ही त्याच्या ठराविक स्वरवाक्यांवरून ओळखावी, असा सामान्य संकेत आहे. देसाई यांच्याबाबत तो अपुरा पडतो. संहितेचा काळ, तिचा उच्चार आणि ती ज्याच्या मुखी आहे त्याची सामाजिक ओळख यांच्याशी चाल जुळविणे, ही त्यांची खरी शैली होय.

६

हिंदी चित्रपटांतही ही दृष्टी कायम राहिली. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) हा नृत्यविषयक चित्रपट. त्याचे शीर्षकगीत अडाणा रागात असून ते उस्ताद अमीर खाँ यांनी गायिले आहे. ख्यालगायकीतील श्रेष्ठ कलावंताला चित्रपटात आणताना देसाई यांनी त्यांच्या गायकीचा पीळ सैल केला नाही. याच चित्रपटाच्या पार्श्वसंगीतात शिवकुमार शर्मा या तरुण वादकाचे संतूर ऐकू येते. ‘गूंज उठी शहनाई’ (१९५९) या चित्रपटात बिस्मिल्ला खाँ यांच्या शहनाईला कथेतील पात्राचेच स्थान आहे. पुढे ‘गुड्डी’ (१९७१) या चित्रपटात वाणी जयराम या नव्या गायिकेकडून त्यांनी मियाँ मल्हारावर आधारित गीत गाऊन घेतले आणि तो आवाज देशभर पोहोचला.

‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) या चित्रपटाचा निर्देश मराठी वाचकासाठी विशेष महत्त्वाचा आहे. औंध संस्थानातील स्वतंत्रपूरच्या मुक्त तुरुंगाच्या प्रयोगावर तो आधारलेला असून त्याचे लेखन ग. दि. माडगूळकरांचे होते. यातील भरत व्यास यांनी लिहिलेली प्रार्थना पुढे देशभरातील असंख्य शाळांतून म्हटली जाऊ लागली. तिच्या रचनेमागील तत्त्व भूपाळीचेच आहे : सहजसाध्य स्वरकक्षा, श्वासाच्या मापाचे चरण आणि समूहाला पेलणारी लय. चित्रपटातील गीत चित्रपटाबाहेर पडून समाजाच्या नित्यक्रमात मिसळावे, ही किमया देसाई यांच्याकडून एकदाच घडलेली नाही. ‘गुड्डी’तील शाळेच्या प्रार्थनेचेही असेच झाले.

‘आशीर्वाद’ (१९६८) मधील आगगाडीचे बालगीत हे आणखी एक उदाहरण. हरींद्रनाथ चट्टोपाध्याय यांचे शब्द अशोककुमार यांनी स्वतः म्हटले आहेत. येथे चाल जवळजवळ नाहीच. बोलण्याचा वेग आणि स्थानकांच्या नावांचा नाद यांतूनच गाडीची गती निर्माण होते. शब्द स्वतःच संगीत होत असताना संगीतकाराने मागे सरावे, हा विवेक येथे दिसतो. तो विवेक रामजोशींच्या लावणीवर काम करताना आला असावा, असे अनुमान करण्यास जागा आहे.

७

साठच्या दशकात देसाई मराठी रंगभूमीकडे वळले. विद्याधर गोखले यांचे ‘पंडितराज जगन्नाथ’ हे नाटक १९६० साली ‘ललितकलादर्श’ने रंगमंचावर आणले. त्याच परंपरेत १९६६ साली ‘जय जय गौरीशंकर’ आले. दोन्हींचे संगीत देसाई यांचे. संगीत नाटक ओसरले असा समज रूढ झालेला असताना या नाटकांनी त्याला पुन्हा प्रेक्षक मिळवून दिला. संस्कृत कवी आणि साहित्यशास्त्रज्ञ असलेल्या जगन्नाथाला मराठी रंगभूमीवर गाते करणे हे काम ‘शकुंतला’च्या नेमके उलट दिशेचे होते. तेथे नाट्यपदाला चित्रपटासाठी आटोपशीर करावयाचे होते. येथे चित्रपटाने शिकविलेला आटोपशीरपणा नाट्यपदात आणावयाचा होता. पदे रागदार राहिली, परंतु पूर्वीच्या दीर्घ मैफिलीमुळे नाट्य थांबून राहत असे, ते टळले. बाळ कोल्हटकर यांच्या ‘देव दीनाघरी धावला’ या नाटकासाठी त्यांनी कुमार गंधर्व आणि वाणी जयराम यांच्याकडून गाऊन घेतलेले युगुलगीत आजही ऐकले जाते.

१९६६ साली एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी संयुक्त राष्ट्रसंघात एक संस्कृत मैत्रीगीत गायिले. कांचीचे शंकराचार्य चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांच्या त्या रचनेची चाल वसंत देसाई यांची आहे. कुडाळच्या भजनी वातावरणात घडलेला कान, तमिळ देशातील आचार्यांचे शब्द आणि कर्नाटक संगीतातील सर्वश्रेष्ठ गायिका यांचा हा संगम आहे. तेथेही चालीने शब्दांपुढे जाण्याचा अट्टहास केलेला नाही.

२२ डिसेंबर १९७५ रोजी मुंबईत, ते राहत असलेल्या इमारतीतील लिफ्टच्या अपघातात वसंत देसाई यांचे निधन झाले. त्या वेळी ते त्रेसष्ट वर्षांचे होते आणि अखेरपर्यंत कार्यरत होते.

८

देसाई यांच्या कार्याचे मूल्यमापन करताना एक आक्षेप टाळता येणार नाही. ‘राजकमल’च्या भव्य, सुघटित चौकटीत लावणीचे आणि भूपाळीचे जे रूप सिद्ध झाले, ते मध्यमवर्गीय अभिरुचीला मानवणारे रूप होते. फडातील लावणीचा रांगडेपणा, तिच्यातील गायिका-नर्तकींचा वास्तव आवाज, प्रादेशिक ढंगांची विविधता यांना तेथे मर्यादित स्थान मिळाले. त्याहून गंभीर बाब अशी की, चित्रपटाची चाल सर्वदूर पोहोचल्यामुळे ज्या थोड्या स्थानिक चाली तग धरून होत्या, त्याही मागे पडल्या असण्याची शक्यता आहे. ज्याने संहितेला नवा आवाज दिला, त्याच्याच यशामुळे इतर आवाज ऐकू येईनासे व्हावेत, हा प्रत्येक समर्थ पुनर्निर्मितीचा अटळ परिणाम असतो. त्याचा दोष देसाई यांच्यावर ठेवणे अन्यायाचे होईल. तो लक्षातच न घेणे मात्र अभ्यासकाला शोभणारे नाही.

या ठिकाणी आपण आरंभीच्या वर्गाकडे परत येऊ शकतो. विद्यार्थ्याने भूपाळी गुणगुणली, तर त्याला थांबविण्याचे कारण नाही. ती कविता त्याच्यापर्यंत ज्या मार्गाने आली तोच तो मार्ग आहे. परंतु शब्द होनाजीचे, ते प्रथम गाणारा बाळा आणि आज कानी येणारी चाल १९५१ मधील वसंत देसाई यांची, एवढा तपशील त्याच्या वहीत गेला पाहिजे. तो गेला नाही तर दोन चुका एकदमच घडतात. एका आधुनिक कलावंताचे श्रेय बुडते, आणि पेशवाईकालीन भूपाळी प्रत्यक्षात कशी गायिली जात होती हा प्रश्नच मिटून जातो, कारण त्याचे उत्तर आपल्याला ठाऊक आहे असे आपण समजून चालतो. पहिली चूक कृतघ्नतेची आहे, दुसरी संशोधनाची.

मराठी काव्याच्या इतिहासात चालकारांसाठी एक प्रकरण असावे, अशी अपेक्षा यातून पुढे येते. त्या प्रकरणात टेंबे, भोळे, कृष्णराव यांच्या बरोबरीने वसंत देसाई यांना स्थान द्यावे लागेल. कवितेचे वय न लपविता तिला पुन्हा तरुण आवाज देणे आणि ते देताना स्वतः नामानिराळे होणे, हे त्यांचे वैशिष्ट्य होते. परंपरेने त्यांची चाल आपली म्हणून स्वीकारली, हा त्यांचा सर्वांत मोठा गौरव होय. त्या स्वीकाराची नोंद वाङ्मयेतिहासात करणे हे आता अभ्यासकांचे काम आहे.